ज्युडी डेंच यांच्या कारकिर्दीविषयी खुलासा

‘आयुष्यभर संसार सांभाळून ब्रिटिश अभिनेत्री ज्युडी डेंच यांनी वयाच्या साठाव्या वर्षी, 1995 च्या ‘गोल्डनआय’ या बाँडपटातून अभिनयाला सुरुवात केली’, अशा आशयाचा संदेश सध्या फिरत आहे. त्यातील वय आणि चित्रपट बरोबर आहेत. ‘सुरुवात’ मात्र चुकीची आहे. 1934 साली यॉर्क येथे जन्मलेल्या डेंच 1957 मध्ये लंडनच्या ओल्ड विक या नाटक कंपनीच्या ‘हॅम्लेट’मध्ये ऑफिलिया म्हणून रंगभूमीवर आल्या, 1961 मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीत दाखल झाल्या आणि 1968 साली लंडनमध्ये ‘कॅबरे’ या संगीतनाटकाची नायिका झाल्या. चित्रपटांतही त्या 1964 पासून दिसू लागल्या.

नाट्यसंस्थांच्या नोंदींतून हे सहज पडताळता येते. त्याहून बोलका पुरावा म्हणजे 1976 च्या ‘मॅकबेथ’ नाटकाचे पुढे झालेले चित्रीकरण: झोपेत चालत हात चोळणाऱ्या त्यांच्या लेडी मॅकबेथचा तो लांबत जाणारा आक्रोश ज्याने ऐकला, तो त्यांना साठीतील नवोदित म्हणणार नाही. संदेशामागचा हेतू उमेद देण्याचा असावा, पण त्यापायी अडतीस वर्षांची रंगसाधना पुसली जाते. म्हणून तो कृपया पुढे पाठवू नये, आणि ज्यांनी आधीच पाठवला असेल त्यांनी त्याच गटात ही दुरुस्ती टाकावी.