जरा सरका

आमच्या बांधावरून एके काळी बैलगाडी जायची, असं आजी सांगायची. माझ्या लहानपणी सायकल जायची. आता मी जातो, तेही दोन्ही हात पसरून, डोंबाऱ्यासारखा एकापुढे एक पाऊल टाकत.

बांध असा वाळत गेला तो दरवर्षी एका तासाने. तास म्हणजे घड्याळातला नव्हे, नांगराचा. पश्चिमेचं रान भावकीतल्या बापूकाकांचं. नांगरटीला ट्रॅक्टर आला की पहिलं तास बांधाला खेटून, आणि खेटता खेटता वीतभर आत. विचारलं तर म्हणतात, "पावसानं झिजतोय रं पोरा." हा पाऊस दरसाल एकाच बाजूने पडतो आणि बरोब्बर एप्रिल-मे महिन्यात पडतो.

वडील होते तोवर याचं ठरलेलं वेळापत्रक होतं. सकाळी बांधावर दोघांनी एकमेकांचा उद्धार करायचा, संध्याकाळी पारावर एकाच डबीतली तंबाखू मळायची. वडील गेले आणि भांडण वारसाहक्काने माझ्याकडे आलं. सातबाऱ्यावर नाव लागायला वारसाचा फेरफार करावा लागला, भांडणाला तेवढंही लागलं नाही. मी पुण्यात नोकरी करतो, त्यामुळे फोनवर भांडण चालवणं अवघड. त्यात आई रोज बातमी द्यायची, "आज जांभळीपर्यंत आणलं हो त्यांनी."

शेवटी तालुक्याच्या कोर्टाबाहेरच्या वकीलसाहेबांना गाठलं. ते म्हणाले, कोणी उघडपणे, मालकाच्या नाकावर टिच्चून सलग बारा वर्षं जमीन धरून ठेवली आणि मालक गप्प बसला, तर मालकालाच ती परत मागता येत नाही. याला प्रतिकूल ताबा म्हणतात. म्हणजे खिसा कापणाऱ्याने बारा वर्षं तुमच्या खिशात हात तसाच ठेवला, तर खिसा त्याचा. "पण आधी मोजणी आणा," साहेब म्हणाले, "मोजणीशिवाय हद्दीच्या दाव्याला पाय नाहीत."

मोजणीचा अर्ज केला, फी भरली, लगतच्या खातेदारांना नोटिसा गेल्या. वाट बघितली. वाट बघण्याचं वर्णन करत नाही, ज्यांनी बघितली आहे त्यांना ठाऊक आहे.

मोजणीच्या दिवशी शिवारात जत्रा. ज्यांचा बांधाशी काही संबंध नाही तेही हजर. सतरा कप चहा आणि भेळेचा पुडा माझ्या खात्यावर. पूर्वी तेहतीस फुटांची साखळी घेऊन माणसं रानात फिरायची, तेहतीस गुणिले तेहतीस म्हणजे 1089 चौरस फुटांचा एक गुंठा. आता भूकरमापक काठीवर बसवलेला रोव्हर घेऊन आले. उपग्रहाशी संधान जुळेपर्यंत ते स्तब्ध उभे, आणि त्यांच्याबरोबर सगळं गाव आभाळाकडे बघत उभं. एक म्हातारबा पुढे येऊन म्हणाले, "त्याला काय इचारता? मला इचारा. दगड हिथं हुता." दुसरे म्हणाले, "तिथं हुता." उपग्रहापेक्षा यांच्यात अंतर जास्त पडलं.

भूकरमापकांनी रस्त्यापासून ओढ्यापर्यंत मापं घेतली, नकाशा उलटसुलट केला, टोपी काढली आणि म्हणाले, "बापूकाका आठ फूट आत आलेत."

मी विजयी मुद्रेने बापूकाकांकडे पाहिलं. आठ फूट रुंद, दोनशे चौसष्ट फूट लांब, म्हणजे दोन गुंठ्यांना थोडे कमी!

"आणि तुम्ही तुमच्या पूर्वेच्या शेजाऱ्यात आठ फूट गेलाय."

पूर्वेच्या बांधाकडे मी कधी नीट पाहिलंच नव्हतं. तोही बारीक झालाय खरा, पण तो पावसाने.

मग सगळा उलगडा झाला. पश्चिमेला पूर्वी पाणंद होती, तिचा डांबरी रस्ता झाला आणि तो पहिल्या रानात आठ फूट शिरला. त्या रानाचा मालक बापूकाकांच्यात सरकला, बापूकाका माझ्यात, मी पुढच्यात, असं करत शेवटचा ओढ्यात. एसटीच्या तिघांच्या बाकावर चौथा "जरा सरका की" म्हणत टेकला, की खिडकीतला काचेला चिकटतो, तसं अख्खं शिवार चिकटलं होतं. न्याय करायचा तर सगळ्यांनी एकदम उठून आठ फूट पश्चिमेला बसायचं. आणि रस्त्याला कोण सांगणार, जरा सरका?

तलाठ्यांनी सलोखा योजना सुचवली. दोन शेतकऱ्यांचा बारा वर्षांपासून एकमेकांच्या जमिनीवर ताबा असेल, तर हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि हजार रुपये नोंदणी फी भरून अदलाबदल करता येते. योजना चांगलीच आहे. पण ती समोरासमोरच्या दोघांसाठी, आमचं हे रांगेतलं प्रकरण. त्यात बसेना. वकीलसाहेब मात्र खुशीत होते. एका दाव्याच्या जागी त्यांना पाच दिसू लागले.

दाव्याचे कागद करायला पुढच्या रविवारी गावी गेलो, तर बांधावर, बापूकाकांना सोयीच्या जागी, एका दगडाला शेंदूर फासलेला. पुढे उदबत्ती.

"हे काय, काका?"

"म्हसोबा. सपनात आला हुता. म्हणला, मला हलवू नगा."

मी मामलेदारापासून उच्च न्यायालयापर्यंत तोंड उघडणार, एवढ्यात मागून येऊन आईने पदर डोक्यावर घेतला, दगडाला हात जोडले आणि मला म्हणाली, "चपला काढ आधी. आणि घरनं नारळ आण."

आणला. म्हसोबासमोर फोडला. तो नेमका वाकडा फुटला, आणि मोठं भकल बापूकाकांनी उचललं.