अँकर व्हायचे आहे? मग आधी तालुक्यात राहा

आमच्या यवतमाळ भागातील मुलामुलींना वृत्तनिवेदक व्हावेसे वाटते, तेव्हा त्यांच्या डोळ्यांपुढे मुंबईचा स्टुडिओ, टेलिप्रॉम्प्टर आणि रात्रीची चर्चा असते. घाटंजीच्या किंवा पांढरकवड्याच्या बाजार समितीबाहेर दुचाकी लावून उभा असलेला स्ट्रिंगर, म्हणजे वाहिनीला बातम्या पुरवणारा तालुक्यातला बातमीदार, त्यात कुठेच नसतो. माझ्या मते मात्र या व्यवसायाची सुरुवात त्या दुचाकीवरूनच व्हायला हवी.

१९७२ मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झाले. पुढे प्रदीप भिडे यांच्यासारख्यांनी स्वच्छ उच्चार आणि संयत आवाज यांवर घराघरांत विश्वास मिळवला, कारण निवेदकाचे मुख्य काम तेव्हा तयार बातमी नीट वाचणे हेच होते. २००७ मध्ये ‘झी २४ तास’ आणि ‘स्टार माझा’ आले, चोवीस तास पडदा भरायची वेळ आली आणि निवेदकाला थेट प्रक्षेपणात प्रश्न विचारणे भाग पडले. वाचन शिकवता येते. प्रश्न मात्र पाहिल्याशिवाय सुचत नाही.

म्हणूनच स्टुडिओतून हमखास येतो तो प्रश्न, ‘तिथल्या शेतकऱ्यांच्या भावना काय आहेत?’ सीसीआयच्या, म्हणजे भारतीय कापूस महामंडळाच्या, खरेदी केंद्रावर ग्रेडर गाडीतल्या कापसात ओलावा मोजतो. आकडा आठ टक्क्यांच्या वर गेला की भाव कापला जातो, बाराच्या वर गेला की गाडी परत. एवढे ज्याने एक हंगामभर पाहिले आहे, तो भावना विचारणार नाही. आज किती गाड्या परतल्या, आणि तो कापूस पुढे कोणत्या व्यापाऱ्याने काय भावाने घेतला, हे विचारील.

२०१७ मध्ये फवारणीच्या विषबाधेने यवतमाळ जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. त्या वर्षी कपाशी अनेक ठिकाणी डोक्याच्या वर वाढली होती आणि वर धरलेल्या नोझलचे औषध फवारणाऱ्याच्याच अंगावर येत होते. ही गोष्ट कपाशीच्या ओळीत उतरल्याशिवाय दिसत नाही. राज्याच्या वाहिन्यांचे कॅमेरे आले ते बरेच बळी गेल्यावर. स्थानिक बातमीदार त्याआधीपासून लिहीत होते.

आता पालक विचारतात की यात पोट भरते का, आणि त्यांचे चुकते असे मला वाटत नाही. बहुतेक स्ट्रिंगरना पगार नसतो. बातमी लागली तर मानधन, पेट्रोल स्वतःचे, हातात वाहिनीचा बूम (माईक) असला तरी नेमणुकीचे पत्र असेलच असे नाही. मग काही जण जाहिराती गोळा करू लागतात, आणि ज्या कापसाच्या जिनिंगवाल्याची जाहिरात घेतली त्याच्या वजनकाट्याची बातमी कोण करणार? त्यामुळे घरी शेतीचा किंवा दुकानाचा आधार असेल तरच दोन वर्षे या कामात घालवा, असे मी मुलांना सांगतो. तो आधार नसलेल्या, तितक्याच हुशार मुलीला मात्र माझ्याकडे उत्तर नाही. ते वाहिन्यांनी द्यायचे आहे, तालुक्याच्या बातमीदाराला महिन्याचा पगार देऊन आणि अँकरची जागा भरताना आधी त्याचा अर्ज उघडून.