चौथ्या वचनातली शिवण

परवा आमच्या भावंडांच्या ग्रुपवर एक फॉरवर्ड आला की बायबलमधली सृष्टीची गोष्ट म्हणजे बॅबिलोनची सरळसरळ कॉपी, तिकडे मातीच्या सात पाट्यांवर लिहिलेली गोष्ट इकडे सात दिवस, संपला विषय, आणि खाली चार हसणारे इमोजी. त्याच्या दोनच दिवस आधी दुसऱ्या एका ग्रुपवर कुणीतरी बरोब्बर उलटं टाकलेलं, की 'प्रकाश होवो' म्हणजे बिग बँग आणि सहा दिवस म्हणजे सहा युगं, विज्ञान आत्ता कुठे तिथं पोचतंय वगैरे. मी दोन्हीकडे गप्प बसलो कारण ग्रुपवर काही लिहिलं की शंभर मेसेज येतात आणि मधेच कुणाच्या तरी वाढदिवसाचा केक येतो. म्हणून इथं लिहितोय. लांब आहे, चहा घेऊन बसा.

मी ख्रिश्चन नाही, ज्यू नाही, हिब्रू मला अक्षर ओळखण्याइतपत येतं, तेही अडखळत. मी प्रूफं तपासणारा माणूस. वीसेक वर्षं दुसऱ्यांचा मजकूर वाचून एक खोड लागते, दोन हातांनी लिहिलेला मजकूर एकत्र केला असेल तर ते लगेच खुपतं. आधीच्या पानावर 'शासन' म्हणणारा लेखक एकदम 'सरकार' म्हणायला लागतो, वाक्यांची लांबी बदलते, आणि मागच्या प्रकरणात वारलेले आजोबा पुढच्या प्रकरणात अंगणात बसून सुपारी कातरत असतात. शेजारच्या काकूंनी लॉकडाऊनमध्ये मला त्यांचं मराठी बायबल वाचायला दिलं, मी 'उत्पत्ति'ची, म्हणजे बायबलच्या पहिल्याच पुस्तकाची, पहिली दोन पानं वाचली आणि हात आपोआप पेन्सिलीकडे गेला. (पुस्तक त्यांचं, म्हणून खूण केली नाही.)

तुम्हीच बघा. पहिल्या अध्यायात सगळं शिस्तीत: प्रकाश, मग घुमट, मग जमीन आणि झाडं, मग सूर्यचंद्र, मासे-पक्षी, जनावरं, आणि सगळ्यात शेवटी माणूस, तोही नर आणि नारी एकदमच. देव नुसता बोलतो आणि होतं. दुसऱ्या अध्यायात मात्र कोरडी जमीन आहे, पाऊस नाही, शेत कसायला माणूस नाही म्हणून झुडूपही नाही. आधी माणूस मातीतून घडवला जातो, मग बाग, मग झाडं, मग त्याला एकटं वाटू नये म्हणून जनावरं, आणि ती काही कामाची नाहीत असं दिसल्यावर सगळ्यात शेवटी बाई. क्रमच उलटा. इथला देव कुंभारासारखा माती मळतो, नाकात श्वास फुंकतो, पुढे तर संध्याकाळच्या वाऱ्यात बागेत फिरतो. आणि नाव बदलतं! आधी नुसतं 'देव', आता 'परमेश्वर देव', हे मराठीतही दिसतं. हिब्रूत पहिल्या गोष्टीत 'एलोहीम' आहे आणि दुसरीत त्याच्या आधी चार अक्षरांचं ते नाव येतं जे ज्यू लोक उच्चारत नाहीत. जोड कुठं आहे? दुसऱ्या अध्यायाच्या चौथ्या वचनात (वचन म्हणजे इथं श्लोक), बरोब्बर मधोमध. वचनाच्या पहिल्या अर्ध्यात 'आकाश आणि पृथ्वी' आहे, दुसऱ्या अर्ध्यात हिब्रूत तेच उलटं होतं, 'पृथ्वी आणि आकाश'. अध्यायांचे आकडे तेराव्या शतकात पडले, त्यामुळे सातवा दिवस बिचारा पहिल्या गोष्टीचा असून दुसऱ्या अध्यायात जाऊन पडला. पानं लावणाऱ्याने ओळ चुकीच्या जागी तोडली की असं होतं, माझा रोजचा अनुभव आहे.

आता गंमत म्हणजे हे पहिल्यांदा नीट मांडलं ते कुणा नास्तिकाने नाही. १७५३ मध्ये ज्याँ अस्त्रुक नावाच्या फ्रेंच डॉक्टरने, हा पंधराव्या लुईचा वैद्य, निनावी एक पुस्तक काढलं. त्याचं म्हणणं असं की मोशेसमोर, परंपरा ज्याला उत्पत्तीचा लेखक मानते त्याच्यासमोर, जुनी टिपणं होती, एकात 'एलोहीम' आणि एकात ते दुसरं नाव, आणि मोशेने ती जुळवली. म्हणजे त्याला मोशेची बाजू राखायची होती! (त्याच्याही आधी १७११ मध्ये विटर नावाच्या जर्मन पाद्र्याला हे दिसलं होतं, पण त्याच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही.) पुढे एकोणिसाव्या शतकात वेलहाउझेन या जर्मन अभ्यासकाने त्याचा मोठा सिद्धांत केला, चार स्रोत, त्यांचे काळ, सगळं. पहिला अध्याय याजक मंडळींचा, म्हणजे मंदिरातल्या पुजाऱ्यांचा, काळ बॅबिलोनच्या बंदिवासाचा (ज्यूंना जेरुसलेमहून तिकडे नेलं तेव्हाचा) किंवा त्यानंतरचा, आणि बागेची गोष्ट त्याहून जुनी. या वेलहाउझेनने १८८२ मध्ये ग्राइफ्सवाल्डची धर्मशास्त्राची प्राध्यापकी सोडली कारण आपल्या शिकवण्याने मुलं पाद्री व्हायला तयार होत नाहीत, उलट नालायक ठरतात असं त्याला वाटायला लागलं. इतका प्रामाणिक राजीनामा मी दुसरा वाचलेला नाही.

पण इथं मी थोडा सावध होतो. पुण्यात भांडारकर संस्थेत महाभारताची चिकित्सक आवृत्ती झाली, १९१९ ते १९६६, तिथं समोर शेकडो हस्तलिखितं होती, काश्मीरची पोथी एक म्हणते आणि मलयाळमची दुसरं, पाठभेद बोट ठेवून दाखवता येतात. हिब्रू उत्पत्तीचं तसं नाही. यातली एकच गोष्ट असलेली वेगळी पोथी आजवर कुणाला सापडलेली नाही, मृत समुद्राजवळ सापडलेल्या सुमारे दोन हजार वर्षं जुन्या गुंडाळ्यांमधले तुकडे आज हातात असलेल्या सर्वात जुन्यांपैकी, पण तेही जोड झाल्यानंतरचेच. म्हणजे स्रोत सगळे आतल्या पुराव्यावरून काढलेले. म्हणून भांडणं संपत नाहीत. उंबेर्तो कासुतो, फ्लॉरेन्सचे रब्बी म्हणजे ज्यू धर्मगुरू, पुढे जेरुसलेमला प्राध्यापक, त्यांनी हा सगळा डोलारा नाकारला, देवाच्या दोन नावांना दोन वेगळी कामं आहेत म्हणाले. १९७० नंतर खुद्द जर्मनीतच बागेची गोष्ट जुनी की नवी यावर वाद पेटला आणि वेलहाउझेनच्या चारातल्या दोन स्रोतांचं पार खोबरं झालं. टिकलं काय, तर याजकांचा मजकूर आणि बाकीचा मजकूर हा फरक, आणि त्याचा सगळ्यात ठळक नमुना म्हणजे हेच चौथं वचन.

मी हे सगळं उत्साहाने काकूंना सांगायला गेलो. मनात म्हटलं आता वाईट वाटणार त्यांना. त्या भाजी निवडत होत्या, मान वर न करता म्हणाल्या, "अरे, शुभवर्तमानं, म्हणजे येशूची चरित्रं, चार आहेत आमची. चौघांचं जुळत नाही म्हणून तीन फेकून देऊ का?" मी तसाच परत आलो.

कारण खरा प्रश्न तोच आहे ना. ज्याने ही दोन पानं जोडली तो काय आंधळा होता? मला जे दिसलं ते त्याला दिसलं नसेल? त्याला दिसलं आणि त्याने रफू केलं नाही. माझं मत असं की अर्थ लावायची सुरुवात तिथून होते. गोष्ट खरी की खोटी हे नंतर बघू, आधी तिच्याकडून काय काम करून घ्यायचं होतं ते विचारा.

आता कॉपीचं बघू. १८७२ मध्ये लंडनला जॉर्ज स्मिथ, मूळचा नोटांचे ठसे कोरणारा कामगार, जेवणाच्या सुट्टीत ब्रिटिश म्युझियममध्ये जाऊन क्यूनिफॉर्म, म्हणजे मातीच्या पाट्यांवरची खिळ्यांसारखी लिपी, शिकलेला, त्याला आजच्या इराकमधल्या निनवेच्या पाट्यांमध्ये जलप्रलयाची गोष्ट सापडली. १८७६ मध्ये त्याने बॅबिलोनच्या सृष्टीकथेच्या पाट्या छापल्या आणि त्याच वर्षी छत्तिसाव्या वर्षी अलेप्पोजवळ वारला. त्या काव्याचं नाव 'एनुमा एलिश'. मार्दुक नावाचा देव तियामत या समुद्ररूपी देवीला मारतो, सुकवायच्या मासळीसारखे तिचे दोन भाग करतो, एकाचं आकाश होतं, आणि तिच्या सेनापतीच्या रक्तातून माणूस घडतो, कशाला तर देवांची हमाली करायला. गुंकेल या जर्मन अभ्यासकाने १८९५ मध्ये म्हटलं की उत्पत्तीमधला 'तेहोम', म्हणजे तो खोल काळोखा पाण्याचा डोह, हे तियामतचंच सावट. मग १९०२ मध्ये फ्रीडरिश डेलिच या क्यूनिफॉर्मच्या अभ्यासकाने बर्लिनला खुद्द कैसरसमोर, म्हणजे जर्मन सम्राटासमोर, भाषण ठोकलं, बॅबिलोन मोठं, बायबल मागून आलेलं. हाच डेलिच पुढे घसरत घसरत जुना करार (बायबलचा पहिला भाग, ज्यूंचा धर्मग्रंथ) म्हणजे मोठी फसवणूक असं पुस्तक लिहिण्यापर्यंत गेला, ज्यूद्वेष उघड. तर 'कॉपी आहे' हा फॉरवर्ड दिसतो तेवढा निरागस नाही, त्याला स्वतःचा इतिहास आहे.

आणि अभ्यासकांनी हे नंतर कापूनही टाकलंय. भाषावाल्यांनी दाखवलं की तेहोम आणि तियामत हे शब्द चुलत भाऊ आहेत, एक दुसऱ्याचा मुलगा नाही. १९२९ पासून सीरियाच्या किनाऱ्यावर उगारितच्या पाट्या निघाल्या, त्यात बाल देव यम नावाच्या समुद्राशी लढतो (आपला यम नाही हा, उड्या मारू नका), म्हणजे समुद्राशी लढाई ही हिब्रू लोकांच्या शेजारचीच गोष्ट होती, त्यासाठी बॅबिलोनला जायची गरज नव्हती. लॅम्बर्टसारखा क्यूनिफॉर्मचा जाणकार १९६५ मध्ये म्हणाला की एनुमा एलिश हे सगळ्या मेसोपोटेमियाचं मत नव्हतंच, ती एक आडवळणाची मांडणी होती. आणि सॅम्युएल सँडमेल या अमेरिकन रब्बीने साम्य शोधत सुटण्याच्या या आजाराचं नावच रूढ केलं, समांतरवेड म्हणू आपण. सात पाट्या आणि सात दिवस हे त्यातलंच. पाट्या म्हणजे लिहायची पानं हो, तुमची कादंबरी तीनशे पानांची आहे म्हणून ती तीनशे दिवसांच्या व्रतावरून घेतली असं म्हणणार का?

साम्य आहेच, शेजारी राहतात तर असणारच. पण मजा फरकात आहे. पहिल्या अध्यायात लढाईच नाही. समुद्रातले ते भयंकर 'तन्नीनीम', ज्यांना बायबलमधल्याच दुसऱ्या कवितांमध्ये देव ठेचून काढतो, ते इथं पाचव्या दिवशी माशांबरोबर निर्माण होतात, बस्स. सूर्यचंद्राला नावसुद्धा दिलेलं नाही, 'मोठा दिवा' आणि 'लहान दिवा', कारण हिब्रूतला 'शेमेश' म्हणजे सूर्य आणि शेजाऱ्यांचा सूर्यदेव शमाश हे एकाच धातूचे. शेजाऱ्याच्या देवाला घरातला बल्ब करून टाकलं! आणि 'देवाची प्रतिमा' हे तर बघाच. १९७९ मध्ये सीरियात तेल फेखेरिये इथं एका राजाचा पुतळा सापडला, त्यावरच्या अरामी मजकुरात पुतळ्याला जे दोन शब्द वापरलेत तेच दोन शब्द उत्पत्तीत माणसाला वापरलेत, 'प्रतिमा' आणि 'प्रतिरूप'. त्या भागात राजाला देवाची प्रतिमा म्हणायची रीत होती. या याजकाने ती पदवी उचलली आणि बाईपुरुष सगळ्यांना वाटून टाकली. देवांचा हमाल आणि देवाची प्रतिमा, आणि म्हणे कॉपी.

बिग बँगवाल्यांबद्दल थोडक्यात. सूर्य चौथ्या दिवशी मग पहिले तीन दिवस कसले, हा प्रश्न ओरिजेन या ख्रिस्ती धर्मपंडिताने तिसऱ्या शतकात विचारलाय आणि तसाच दुसरा धर्मपंडित ऑगस्टीन याने पाचव्या शतकात लिहून ठेवलंय की आकाशाबद्दल अडाणी बडबड करून ख्रिस्ती माणसाने धर्माचं हसं करू नये. यावर मी काय वेगळं लिहू.

त्यापेक्षा मला पहिल्या शब्दाचं कोडं आवडतं. 'बेरेशीत'. मराठीत 'प्रारंभी देवाने आकाश व पृथ्वी ही निर्माण केली' आणि पूर्णविराम. पण अकराव्या शतकात राशी नावाचे फ्रान्समधले ज्यू भाष्यकार म्हणाले की व्याकरण तसं नाही, वाक्य पुढं चालू आहे: देवाने निर्मायला सुरुवात केली तेव्हा, पृथ्वी ओसाड असताना, देव म्हणाला प्रकाश होवो. म्हणजे शून्यातून काहीतरी, हा अर्थच डळमळतो. पाणी आधीपासून होतं! एका पूर्णविरामाने केवढं काय काय होतं हे प्रूफवाल्याला सांगायला नको.

आणि बरगडी. हिब्रू शब्द 'त्सेला', तोच शब्द पुढे निवासमंडपाच्या, म्हणजे देवासाठी उभारलेल्या तंबूच्या, बाजूला वापरलाय, म्हणजे बरगडी नाही तर अख्खी बाजू. १९७० च्या दशकात फिलिस ट्रिबल या अमेरिकन अभ्यासक बाईंनी मांडलं की तो पहिला 'आदाम' पुरुष नव्हताच, 'अदामा'पासून म्हणजे मातीपासून झालेला 'मातीचा जीव', पुरुष आणि बाई दोघं एकदमच झाली, तो जीव कापला गेला तेव्हा. लोक म्हणाले हे आधुनिक खूळ. पण प्राचीन रब्बींच्या टीकेत, उत्पत्ति रब्बामध्ये, नेमकं हेच आहे: दोन तोंडांचा एक जीव, देवाने मधोमध कापला, आणि पुरावा म्हणून तोच 'त्सेला', निवासमंडपाची बाजू. हे वाचलं आणि मला लगेच अर्धनारीनटेश्वर आठवला, भारावून गेलो, आणि मग लक्षात आलं की आत्ताच समांतरवेडावर तीन परिच्छेद लिहिलेत. असो. ट्रिबलबाईंचं सगळं पटतं असं नाही, तिसऱ्या अध्यायात 'तो तुझ्यावर सत्ता चालवील' हे वाक्य आहेच आणि ते कितीही धुतलं तरी निघत नाही.

मग पहिल्या गोष्टीचं काम काय? मला पटलेलं उत्तर असं. जेरुसलेमचं मंदिर इसवीसनपूर्व ५८७-८६ च्या सुमारास जळलं, लोक बॅबिलोनला नेले गेले, तिथं दरवर्षी नववर्षाच्या सणात मार्दुकसमोर एनुमा एलिश म्हणायचे आणि त्या काव्याच्या शेवटाकडे मार्दुकचं देऊळ उभं राहतं. या याजकांकडे देऊळ नव्हतं. त्यांच्या गोष्टीच्या शेवटी देऊळ येत नाही, शनिवार येतो, ज्यूंचा विश्रांतीचा दिवस. सहा दिवस काम, सातव्या दिवशी देवसुद्धा थांबतो. मोजमाप, उजळणी, 'संध्याकाळ झाली सकाळ झाली' हा ठेका, सगळं तिकडे चाललेलं असतं. आणि शनिवार पाळायला जागा लागत नाही, राजा लागत नाही.

हे मला पुस्तकातून कळलं त्याआधी खरं तर अलिबागला कळायला हवं होतं. माझं आजोळ तिकडचं. आजी जुन्या तेल्यांबद्दल सांगायची, दोन प्रकारचे तेली, सोमवार तेली आणि शनवार तेली. शनवार तेली म्हणजे बेने इस्रायल, कोकणातले ज्यू, नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून सात बायका आणि सात पुरुष वाचले आणि ग्रंथ वगैरे सगळं बुडालं असं ते स्वतः सांगतात. हिब्रू विसरले, मराठी बोलायला लागले, कोलू चालवायला लागले. एलोहीम कुठला आणि याजकांचा मजकूर कुठला, काही माहीत असायचं कारण नाही. पण शुक्रवारी दिवस मावळला की त्यांचा घाणा बंद. आजी म्हणायची, तेल हवं असेल तर शुक्रवारी दुपारीच जाऊन आणायचं, नंतर कितीही हाका मारा, बैलसुद्धा सोडलेला असायचा.