बेंजोला बेंजोच म्हणणार: 'सूरवेडा' यांच्या प्रतिक्रियेला उत्तर

भाऊ, नमस्कार.

आमच्या विदर्भाकडच्या वाद्यांवर काही लिहिलं की खाली बहुतेक 'छान' आणि जोडलेले हात येतात. तुम्ही भांडलात, तेही मुद्दे घेऊन. म्हणून उत्तर प्रतिक्रियेच्या चौकटीत न कोंबता वेगळं लिहितो.

ज्यांनी तुमची प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी तिचा सारांश असा. भजनात पुढ्यात ठेवून, डाव्या हातानं कळा दाबत आणि उजव्या हातानं तारा छेडत जे वाजवतात त्याला मी माझ्या लेखात 'बेंजो' म्हटलं. तुम्ही म्हणता, बँजो हे मूळ अमेरिकन वाद्य, गोल, चामडं ताणलेलं, लांब दांड्याचं. आपल्याकडचं ते बुलबुल तरंग, मूळ जपानी. खेड्यातल्या लोकांनी अडाणीपणानं भलतंच नाव चिकटवलं आणि मी लिहितावाचता माणूस असून तेच छापतो. त्यातही एका परिच्छेदात बेंजो म्हणजे वाद्य, तर दुसऱ्यात वरातीतला अख्खा ताफा, हा घोळ वेगळाच. भाच्यासाठी घ्यायला म्हणून तुम्ही ऑनलाइन 'बँजो' शोधलं तर सगळी गोल वाद्यंच समोर आली, हा तुमचा पुरावा. आणि जाता जाता एक चिमटा: 'ज्यात मींड निघत नाही ते वाद्य नाही, खेळणं आहे.' मींड म्हणजे तार ओढून एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणं. सतार शिकलेल्या माणसाचा चिमटा आहे, लागायचाच.

जपानचं तुम्ही म्हणता ते खरंच आहे. १९१२ साली नागोया शहरात मोरिता गोरो यांनी हे वाद्य बनवलं. ते स्वतः निगेनकिन नावाचं दोन तारांचं जुनं वाद्य वाजवत. त्या तारांवर त्यांनी टाइपरायटरसारख्या कळा बसवल्या. एक बाजू पारंपरिक तंतुवाद्याची, दुसरी कचेरीतल्या यंत्राची, असा हा संकर. त्याच वर्षी जपानात ताइशो राजवट सुरू झाली, म्हणून नाव पडलं ताइशोगोतो, म्हणजे ताइशो काळातलं कोतो. आता खरं कोतो बघा. माणसाएवढं लांब, तेरा तारांचं, प्रत्येक तारेखाली सरकवता येणारी घोडी. मोरितांच्या पेटीचं त्याच्याशी दूरचंच नातं. इंग्रजीत याच वाद्याला 'नागोया हार्प' म्हणाले. हार्पमध्ये तारा मोकळ्या हवेत उभ्या ताणलेल्या असतात, इथं त्या लाकडी पेटीवर आडव्या. म्हणजे नावाचा जो दोष तुम्ही आमच्या गावावर टाकता तो नागोयातच सुरू झाला होता, आणि तिथल्या कोणी त्याला अडाणीपणा म्हटलं नाही.

राहिलं 'बुलबुल तरंग'. नाव गोड आहे, मला आवडतं. पण जलतरंगात निदान जल तरी असतं. इथं ना बुलबुल, ना तरंग. खोक्यावर छापायला कोणीतरी सुचवलेलं हे नाव मी आमच्या भागात कुणा वाजवणाऱ्याच्या तोंडून सहसा ऐकलं नाही. ते दुकानदाराच्या तोंडी असतं, पावतीवर असतं. वाजवणारा म्हणतो, 'माह्या बेंजोची एक कळ अटकून राह्यली, जरा पाहा लागते.' या माणसाला मी लेखात 'बुलबुल तरंग वादक' केलं असतं तर गावात त्याला त्याच्या नावानं ओळखायची पंचाईत झाली असती.

आणि हा फक्त वऱ्हाडाचा किंवा झाडीपट्टीचा हट्ट नाही. बलुचिस्तानात आणि कराचीच्या बलोच वस्त्यांमध्ये याच जपानी वाद्याचा मोठा, लांब अवतार घडला. तो तिथल्या लोकसंगीतात इतका मुरला की आज बलोच संगीत म्हटलं की तोच आठवतो. त्याला ते म्हणतात 'बेंजू'. आमच्या दारव्ह्याचा भजनकरी आणि तिकडं बलुचिस्तानातल्या मकरानचा कलावंत एकमेकांना विचारायला गेले नव्हते. तरी दोघांनी एकच शब्द धरला. का, तर माझा कयास असा की पोलादी तारेवरचा तो कडक, टणटणीत, झटकन विरणारा आवाज अमेरिकन बँजोत आणि या जपानी वाद्यात सारखा आहे. ऐकणाऱ्यानं आवाजावरून नाव ठेवलं, तुम्ही आकारावरून ठेवायला सांगता. वाद्याच्या बाबतीत कान आधी, एवढं तरी तुम्ही मान्य कराल.

तुमच्या 'मूळ अमेरिकन' या शब्दावरही थोडं. बँजो अमेरिकेत गेला तो आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या माणसांबरोबर, भोपळ्यावर कातडं ताणून केलेल्या वाद्यांच्या रूपानं. सेनेगल-गांबियाकडचं अकोंटिंग आजही त्याच घराण्यातलं. अठराव्या शतकात थॉमस जेफर्सननं व्हर्जिनियाबद्दल लिहिताना 'बंजार' असं लिहिलं आणि हे वाद्य त्या लोकांनी आफ्रिकेतून आणलं असंही नोंदवलं. पुढं गोऱ्यांनी ते उचललं, त्याला लाकडी कडं आलं, कारखाने आले. मग त्याचेही संकर झाले: युकुलेलेला बँजोचं अंग लावलं तर बँजोलेले, मँडोलिनला लावलं तर बँजो-मँडोलिन. ज्या नावाचं स्वतःचंच स्पेलिंग शतकभर ठरत नव्हतं, त्यानं विदर्भात येऊन 'बेंजो' व्हावं यात आश्चर्य कसलं?

पण माझा खरा मुद्दा परदेशातला नाही. तो आपल्या देवळातला आहे.

कुठल्याही गावच्या हरिनाम सप्त्याला जा. गळ्यात वीणा अडकवून वीणेकरी उभा असतो. पहारे बदलतात, वीणा खाली ठेवत नाहीत. ती वीणा म्हणजे सूर धरण्यापुरतं, तंबोऱ्याच्या जातीचं छोटं वाद्य. सरस्वती वीणा नाही, रुद्रवीणा तर नाहीच. रुद्रवीणेला दोन भोपळे आणि मध्ये दांडी. सरस्वती वीणेला कोरलेलं लाकडी अंग आणि पडदे. बनावटीनं दोन्ही वेगळ्या घराण्यांतल्या. आणखी मागं जा. गुप्त सम्राट समुद्रगुप्ताच्या सोन्याच्या नाण्यावर राजा वीणा वाजवत बसलेला दिसतो. ती वीणा धनुष्यासारखी वाकलेली आहे, आजच्या भाषेत चक्क हार्प! म्हणजे एकाच शब्दानं तीन-चार निराळी वाद्यं सांभाळली आणि अजून सांभाळतो आहे. मग सप्त्यातल्या वीणेकऱ्याला कोणी जाऊन सांगतं का, की महाराज, तुमच्या गळ्यातलं चुकीच्या नावाचं आहे? तिथं आपली मान आपोआप लवते. बेंजोवाला मात्र चौकात बसतो, म्हणून त्याचा शब्द तपासायला घेतो. मला यात संगीतशास्त्र कमी आणि बसायच्या जागेचा हिशोब जास्त दिसतो.

संकरित वाद्याचं नाव पक्कं बसत नाही याचं तुमच्या गोतावळ्यातलंच उदाहरण मोहनवीणा. राधिका मोहन मोइत्रांनी सरोदावर प्रयोग करून केलेली एक, आणि विश्वमोहन भट्टांची गिटार बदलून केलेली दुसरी. नाव तेच, वाद्यं दोन. मैफलीत कोणाचा गोंधळ होत नाही. वाजवणारा दिसला की कळतं.

आता ताफ्याबद्दल. तुम्हाला तो घोळ वाटला, मला ते भाषेचं कसब वाटतं. 'बेंजोवर कोन हाय?' म्हटलं तर माणूस विचारला. 'बेंजो लावला का?' म्हटलं तर लग्नाची सुपारी दिली का, ढोल-ताशे, कॅसिओ, भोंगा, गाडी सगळ्यासकट. 'बेंजो शिकतो' म्हटलं तर फक्त पेटी आणि तारा. क्रियापद काय आलं त्यावरून बारकं पोरगंही ओळखतं. तबल्याचंही असंच आहे. 'तबला आला नाही अजून' असं म्हणतो तेव्हा आपण डग्ग्याची वाट पाहत नसतो.

ताफ्याची नावं तर आमच्याकडं कोसागणिक बदलतात. नागपूरकडं तो धुमाल, अमरावती-यवतमाळकडं संदल. संदल म्हणजे मुळात उरुसातली चंदनाची मिरवणूक. तिच्यापुढं वाजवणाऱ्यांना तेच नाव लागलं आणि आता तोच संदल हळदीतही वाजतो, पोळ्यालाही. त्या ताफ्यांत बेंजोची जागा कॅसिओनं पुष्कळ खाल्ली आहे. तरी अख्ख्या ताफ्याला 'बेंजो पार्टी' म्हणणारे आहेत. वाद्य उतरलं तरी नाव गाडीवर राहिलं. मला विचाराल तर हा शब्द मेलेला नाही, भलताच जिवंत आहे.

भीमजयंतीच्या रात्रीचे कव्वालीचे मुकाबले ज्यांनी ऐकलेत त्यांना बेंजोचं काम वेगळं सांगावं लागत नाही. गायक श्वास घेतो तेवढ्या फटीत बेंजो ओळ उचलतो, ढोलकीच्या वर निघतो आणि शेवटच्या रांगेपर्यंत शब्द धरून ठेवतो. पिकअप बसवून आवाज भोंग्यात सोडला की उघड्या मैदानात त्याला तोड नाही. सतार त्या मैदानात तासाभरात माघार घेईल, हे तुम्हीही मनातून जाणता.

मींडेचं म्हणाल तर निघत नाही, बरोबर. कळ दाबली की तिच्याखालची धातूची पट्टी तारेला ठरल्या जागी दाबते. बोट तारेला लागतच नाही, मग ती ओढणार कशी? पण हाच आरोप हार्मोनियमवरही होता. त्यापायी १९४० साली ऑल इंडिया रेडिओनं तिला दार बंद केलं आणि १९७१ मध्ये कुठं ती बंदी सैल झाली. मधल्या सगळ्या वर्षांत पेटी भजनात होती, कीर्तनात होती, नाटकात होती. बेंजोवाला मींडेची भरपाई उजव्या हातानं करतो. एकाच सुरावर नखी इतकी भरभर फिरवतो की तुटक टणटण जोडून लांब सूर ऐकू येतो, खाली साथीच्या तारा घुमत राहतात. ते मींड नव्हे. पण ते जमायला वर्षं जातात, आणि खेळण्याला वर्षं कोणी देत नाही.

एका जागी मात्र तुमची तक्रार रास्त आहे, ती म्हणजे दुकान. 'बँजो' शोधलं तर अमेरिकन गोल वाद्यच येणार. मोबाइलला आपल्या चौकातली बोली कळत नाही. भाच्यासाठी शोधताना 'बुलबुल तरंग' किंवा 'इंडियन बँजो' असं टाका, हवं ते मिळेल. विजेवर चालणारा मोठा घ्यायचा असेल तर 'शाही बाजा' या नावानंही काही कारागीर विकतात. माझ्या लिहिण्यात वाद्य म्हणजे बेंजो, ताफा म्हणजे बेंजो पार्टी, आणि ते दुसरं आलंच तर अमेरिकन बँजो, असंच राहील.

जमलं तर ऑनलाइन न घेता हातात घेऊन बघा. प्रत्येक कळ दाबून सोडा, स्प्रिंगनं ती लगेच वर आली पाहिजे. वरच्या टोकाच्या कळांवर सूर चोरतो का ते हार्मोनियमशी लावून पाहा, स्वस्त बेंजोत खोट तिथंच निघते. खुंट्या ढिल्या असतील तर घेऊ नका, रोज सूर लावण्यातच पोराचा जीव जाईल. आमच्याकडच्या पावसाळ्यात तारांना गंज चढतो, म्हणून तारांचा एक जास्तीचा संच त्याच दुकानातून मागून घ्या. आणि सुरुवातीला भाच्याला भजनाच्या चालीच वाजवू द्या, सतारीच्या गती नंतर शिकवा.