भिंत उभी राहिली, अपील पडलं

आमच्या काकांचा शेताच्या वहिवाटीचा दावा होता. शेजाऱ्याने रस्त्यावर भिंत घालायला घेतली म्हणून निशाणी ५ चा अर्ज दिला. (कोर्टाची पायरी न चढलेल्या सुदैवी मंडळींसाठी : दिवाणी दाव्यातला तात्पुरत्या मनाईचा अर्ज आपल्याकडे याच नावाने ओळखतात.) अर्ज नामंजूर झाला. जिल्हा न्यायालयात अपील केलं. ते सुनावणीसाठी बोर्डावर येईपर्यंत भिंतीला गिलावासुद्धा झाला होता. वकील म्हणाले, "अण्णा, आता मनाई कशाला मागायची?" अपील निष्फळ म्हणून निकाली निघालं. आदेश बरोबर होता की चूक, हे कुणी तपासलंच नाही. मूळ दाव्यात भिंत पाडून मागता येते म्हणे. बघू.

मुंबईतल्या आरेच्या झाडांचं आठवतंय? ४ ऑक्टोबर २०१९, शुक्रवार. मेट्रो ३ च्या कारशेडसाठीच्या वृक्षतोडीविरुद्धच्या याचिका मुंबई उच्च न्यायालयाने फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती सुरू झाल्या. शनिवारी लोक स्थगितीसाठी पुन्हा कोर्टात धावले, नकार मिळाला. सोमवारी, ७ तारखेला, सुट्टी असूनही सर्वोच्च न्यायालयाचं विशेष खंडपीठ बसलं आणि तोड थांबवून परिस्थिती 'जैसे थे' ठेवायला सांगितलं. पण तोवर २,१४१ झाडं आडवी झाली होती. सरकारतर्फे सांगण्यात आलं, पाडायची होती तेवढी पाडून झाली आहेत. मग 'जैसे थे' म्हणजे नक्की कसे? बुंध्यांसारखे?

मेट्रो हवी की झाडं, या वादात मला इथे पडायचं नाही. मीही त्या मेट्रोने जातो. खुपतात ते मधले तीन दिवस.

मनाई किंवा स्थगिती देताना कोर्ट तीन गोष्टी बघतं : प्रथमदर्शनी बाजू (वरवर पाहता दाव्यात दम आहे का), सोयीचं पारडं कुणाकडे (जास्त त्रास कुणाला होईल), आणि भरून न येणारं नुकसान. स्थगिती नाकारतानाही तिसरी गोष्ट बघा की! तोडलेलं झाड, पाडलेलं घर परत येत नाही. अशा वेळी अर्ज फेटाळा हवा तर, पण वरच्या कोर्टात जायला आठवडाभर हात थांबवा. अनेक न्यायाधीश असा अवधी देतातही, फक्त तो त्यांच्या मर्जीवर असतो. माझ्या मते, परत न फिरणाऱ्या प्रकरणांत तो नियमच असावा.

उलट बाजूही माहीत आहे. एकदा मिळालेली स्थगिती वर्षानुवर्षं कुजते, समोरचा माणूस हैराण होतो. म्हणूनच २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खटल्यांवरची स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठेल असं ठरवलं होतं, आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये पाच न्यायमूर्तींनी ते मोडीत काढलं. पण मी वर्षं मागतच नाहीये, सात दिवस मागतोय.

काका सध्या ओढ्याकडून वळसा घालून शेतात जातात. पावसाळ्यात बैलगाडी जात नाही. मूळ दाव्याला पुढची तारीख पडली आहे.