रशिया-जपानचं वैर 'जन्मजात' नाही

गेले काही दिवस एक मेसेज फिरतोय. माझ्याकडे तो तीन ग्रुपांवरून आला, आणि प्रत्येक ठिकाणी त्याखाली 'अभ्यासपूर्ण' म्हणून हात जोडलेले. मजकूर थोडक्यात असा: रशिया आणि जपान हे जन्मजात वैरी. रशियन जपानच्या दारात आले ते तोफा रोखूनच. १९०५ मध्ये चिमुकल्या जपानने त्यांना एकहाती असं लोळवलं की ते पुन्हा उठले नाहीत. त्याचा सूड म्हणून रशियाने १९४५ साली जपानची बेटं बळकावली. कायद्याने दोन्ही देश आजही युद्धातच आहेत. आणि तिथल्या माणसांच्या रक्तातच एकमेकांबद्दल द्वेष आहे.

वैर नव्हतंच असं मी म्हणत नाही. युद्धं झाली, लाखो माणसं मेली. पण त्या वैराला तारखा आहेत, कारणं आहेत. 'जन्मजात' हा शब्द वापरला की ती कारणं शोधायची गरजच उरत नाही, म्हणून हा मेसेज मला खटकतो.

जन्मापासूनच सुरुवात करू. या दोन देशांची ओळख सैनिकांनी नाही, वादळात भरकटलेल्या खलाशांनी करून दिली. देन्बेई नावाचा जपानी माणूस रशियाच्या पूर्व टोकाच्या कामचात्काला लागला आणि तिथून १७०२ मध्ये थेट पीटर द ग्रेटसमोर उभा राहिला. पीटरने त्याला जपानी शिकवायच्या कामाला लावलं. पुढे दाइकोकुया कोदायू. हा इसे प्रांतातल्या शिरोको बंदरातला तांडेल. १७८२ च्या हिवाळ्यात तांदूळ भरून एदोकडे, म्हणजे आजच्या टोकियोकडे निघाला आणि वादळात सापडला. सात-आठ महिने गलबत समुद्रावर भरकटलं आणि अल्यूशियन बेटांपैकी आम्चित्काला लागलं. सोबतची माणसं थंडीने, रोगाने एकेक करून गेली. किरिल लाक्समान या निसर्गशास्त्रज्ञाने त्याची बाजू घेतली, सायबेरिया ओलांडून त्याला राजधानीपर्यंत नेलं, आणि १७९१ मध्ये कॅथरीन राणीने त्याला घरी जायची परवानगी दिली. १७९२ मध्ये लाक्समानचाच मुलगा अॅडम त्याला घेऊन होक्काइदोच्या नेमुरोला पोचला. निघताना गलबतावर सतरा जण होते. परतीच्या जहाजावर उरले होते तिघे, त्यातला एक नेमुरोतच गेला. इर्कुत्स्कला दोघे मागे राहिले होते, ते तिथलेच होऊन.

आता तोफा. १८०६-०७ मध्ये ख्वोस्तोव्ह आणि दाविदोव्ह या रशियन अधिकाऱ्यांनी साखालिन आणि इतुरुप या जपानच्या उत्तरेकडच्या बेटांवरच्या जपानी वस्त्या लुटल्या, जाळल्या. त्यामुळेच १८११ मध्ये कुनाशीर बेटावर उतरलेल्या रशियन कॅप्टन गोलोव्निनला जपान्यांनी पकडलं. उलट रशियनांनी ताकादाया काहेई या व्यापाऱ्याला उचललं. पण या काहेईनेच मध्यस्थी करून प्रकरण मिटवलं आणि १८१३ मध्ये गोलोव्निन सुटला. सुटल्यावर त्याने कैदेची जी हकिकत लिहिली, त्यात जपानी माणसाच्या हुशारीचं आणि सभ्यतेचं कौतुक आहे. दोन वर्षं कोंडून ठेवलेल्या माणसाने हे लिहिलंय.

आणि परक्यांना बंद असलेलं जपानचं दार ज्या सुमारास खरोखर उघडलं, तेव्हाची गोष्ट तर मेसेज लिहिणाऱ्याला ठाऊकच नसावी. रशियन अॅडमिरल पुत्यातिन तहाच्या वाटाघाटींसाठी 'दियाना' ही युद्धनौका घेऊन जपानच्या शिमोदा बंदरात आला होता. २३ डिसेंबर १८५४ ला भूकंप झाला, पाठोपाठ त्सुनामी. गाव वाहून गेलं. दियाना जागच्या जागी गरगर फिरली, तिचा तळ फुटला. तशाही अवस्थेत रशियनांनी गावातल्या जखमींसाठी डॉक्टर देऊ केले. दुरुस्तीसाठी तिला हेदा गावाकडे नेताना पुन्हा वादळ आलं आणि ती फुजी पर्वताच्या पायथ्याशी, सुरुगाच्या उपसागरात बुडाली. किनाऱ्यावरच्या कोळ्यांची स्वतःची घरं भूकंपात पडलेली, तरी त्यांनी दोरखंड लावून सुमारे पाचशे खलाशांना बाहेर काढायला हात दिला.

तिकडे क्रिमियन युद्ध चालू, इंग्रज-फ्रेंच जहाजं रशियनांच्या मागावर. परत जायला जहाज नाही. मग हेदाच्या सुतारांनी रशियन अधिकाऱ्यांकडून आराखडे समजून घेत काही महिन्यांत दोन डोलकाठ्यांचं नवं गलबत बांधलं. होड्या बांधणारे हात, पण कणा घालून, फासळ्या उभारून केलेलं पाश्चात्त्य पद्धतीचं जहाज त्यांच्यासाठी नवीनच होतं. पुत्यातिनने त्याला गावाचंच नाव दिलं, 'हेदा'. त्याच नमुन्यावर त्या सुतारांनी पुढे आणखी जहाजं बांधली. रशियाने गलबत परत पाठवलं, दियानाच्या तोफाही जपानला देऊन टाकल्या. म्हणजे तोफा होत्या खऱ्या, पण त्या शेवटी जपानलाच भेट मिळाल्या.

१९०५ बद्दल मात्र आपल्या लोकांच्या भावना मी समजू शकतो. एका आशियाई देशाने युरोपीय साम्राज्याला हरवलं, त्याचा आनंद तेव्हा हिंदुस्थानभर झाला होता आणि तो खोटा नव्हता. पण 'एकहाती'? ब्रिटनशी १९०२ मध्ये केलेला करार पाठीशी होता. युद्धाच्या खर्चाचा मोठा भाग लंडन आणि न्यूयॉर्कमध्ये विकलेल्या कर्जरोख्यांतून आला. ८० हजारांहून जास्त जपानी सैनिक गेले होते. मे अखेरीस त्सुशिमाची लढाई जिंकली आणि लगेच जपाननेच अमेरिकेचे अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांना गुपचूप मध्यस्थीची विनंती केली, कारण पैसा आणि माणसं दोन्ही संपत आली होती. अमेरिकेतल्या पोर्ट्समथला झालेल्या तहात दक्षिण साखालिन मिळालं, नुकसानभरपाई एक रुबलही नाही. ५ सप्टेंबरला, तहावर सह्या झाल्या त्याच दिवशी, टोकियोच्या हिबिया बागेत जमाव भडकला, पोलीस चौक्या जाळल्या, लष्करी कायदा पुकारावा लागला. पूर्ण विजय असता तर राजधानी पेटली असती का?

'पुन्हा उठले नाहीत' हेही चूक. १९०७ पासून दोन्ही देशांनी एकामागून एक करार केले आणि १९१६ मध्ये ते चक्क मित्रराष्ट्रं झाले. पहिल्या महायुद्धात रशियन सैनिकांच्या हातात जपानी रायफली होत्या. 'वार्याग' हे जहाज रशियनांनी १९०४ मध्ये कोरियातल्या चेमुल्पो बंदरात स्वतः बुडवलं होतं. जपानने ते वर काढून वापरलं आणि १९१६ मध्ये रशियालाच परत विकलं. ही मैत्री टिकली नाही हे खरं. क्रांतीनंतर जपानचं सैन्य १९२२ पर्यंत सायबेरियात ठाण मांडून होतं, उत्तर साखालिन तर १९२५ मध्ये सोडलं. रशियन मनात त्याचा सल आहे आणि तो साधार आहे.

रक्तातल्या द्वेषाचं काय? युद्ध ऐन भरात असताना, ऑगस्ट १९०४ मध्ये अॅम्स्टरडॅमच्या समाजवादी परिषदेत जपानचे कातायामा सेन आणि रशियाचे प्लेखानोव्ह यांनी भर व्यासपीठावर हात मिळवले. त्याच परिषदेला आपले दादाभाई नौरोजी हजर होते. मात्सुयामाला रशियन युद्धकैद्यांची छावणी होती. तिथे वारलेल्यांच्या ९८ कबरी गावकरी आजही झाडून-पुसून ठेवतात. जपानमधले रशियन ख्रिस्ती धर्मगुरू बिशप निकोलाई युद्धभर टोकियोतच राहिले. आपल्या जपानी अनुयायांना त्यांनी जपानच्या विजयासाठी प्रार्थना करायची मुभा दिली, स्वतः मात्र त्या प्रार्थनेला उभे राहिले नाहीत.

मला सगळ्यात जवळचा वाटतो तो जपानी लेखक फुताबातेई शिमेई. रशिया हा उद्याचा धोका आहे, या विचाराने तो रशियन शिकायला गेला. शत्रूची भाषा शिकता शिकता तिच्या साहित्यात असा रमला की १८८८ मध्ये त्याने रशियन लेखक तुर्गेनेव्ह जपानीत आणला, आणि आधुनिक जपानी गद्याला त्या भाषांतरांनी वळण दिलं. १९०९ मध्ये रशियाहून परतताना बंगालच्या उपसागरात, बोटीवरच तो वारला.

राहिली बेटं. सूडाच्या मुद्द्यात थोडं तथ्य आहे. २ सप्टेंबर १९४५ च्या भाषणात स्टालिननेच १९०४ च्या युद्धातल्या पराभवाच्या कलंकाची आठवण काढली. पण सौदा आधीच ठरला होता: फेब्रुवारीत याल्टाच्या परिषदेत फ्रँकलिन रूझवेल्ट आणि चर्चिल यांनी, सोव्हिएत संघाने जपानविरुद्ध युद्धात उतरावं म्हणून, कुरील बेटं (इतुरुप, कुनाशीर त्यातलीच) आणि दक्षिण साखालिन कबूल केलं होतं. अमेरिकेने त्याच वर्षी अलास्कात सोव्हिएत नौसैनिकांना शिकवून जहाजंही दिली. रशियाने जपानशी असलेला तटस्थतेचा करार मोडला हे खरंच, आणि सुमारे सहा लाख जपानी सैनिकांना सायबेरियात राबवलं, त्यातले हजारो थंडी-उपासमारीने मेले, हेही खरं. पण हा सगळा हिशेब एकट्या रशियाच्या सूडाच्या खात्यावर मांडता येत नाही. आणि या दोघांच्याही आधी तिथे आयनू लोक राहत होते, त्यांना कुणीच विचारलं नाही.

'कायद्याने युद्ध चालू' हे तर सरळ खोटं आहे. १९ ऑक्टोबर १९५६ च्या संयुक्त घोषणेने युद्धस्थिती संपली, वकिलाती उघडल्या. झालेला नाही तो शांतता करार. त्या बेटांपैकी हाबोमाई आणि शिकोतान तो करार झाल्यावर जपानला द्यायचं तेव्हा ठरलं होतं. २०२२ मध्ये युक्रेनवरून जपानने निर्बंध लादले आणि रशियाने बोलणीच थांबवली.

त्यासोबत बेटांवरच्या बिनव्हिसाच्या भेटीही बंद झाल्या. १९४५ मध्ये तिथे सुमारे सतरा हजार जपानी राहत होते. पुढे त्यांना हाकलण्यात आलं. तेव्हाची लहान मुलं आज नव्वदीला टेकली आहेत. पूर्वजांच्या कबरींना फुलं वाहायला त्यांना जाता यायचं, रशियन रहिवाशांच्या घरी चहाही व्हायचा. आता उन्हाळ्यात नेमुरोहून जहाज निघतं, बेटं दिसतील इतक्या अंतरावर थांबतं, आणि म्हातारी माणसं डेकवरूनच हात जोडतात.