‘हिरवी क्ले ही क्लेच नव्हे’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

चार्ल्स्टन ओपनवर, म्हणजे अमेरिकेत साउथ कॅरोलिनात हिरव्या क्लेवर (हिरवट मातीच्या कोर्टावर) होणाऱ्या बायकांच्या टेनिस स्पर्धेवर, मी जी पोस्ट लिहिली होती तिच्याखाली एका वाचकांनी भलीमोठी प्रतिक्रिया टाकलीय. आधी वाटलं तिथेच दोन ओळी लिहून मोकळं व्हावं, पण लिहायला बसले आणि ते काही दोन ओळींत मावेना, म्हणून वेगळी पोस्ट. ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. त्यांचं म्हणणं असं की चार्ल्स्टनला टॉप टेनमधल्या बऱ्याचजणी येतच नाहीत, गेल्या दहा-बारा वर्षांत तिथे जिंकलेली एकही बाई त्याच वर्षी पॅरिस, म्हणजे लाल मातीवरची फ्रेंच ओपन, जिंकलेली नाही, डॅनिएल कॉलिन्ससारखी हार्ड कोर्टवाली (डांबर-काँक्रीटच्या टणक कोर्टावर खेळणारी) थेट मायामीच्या हार्ड कोर्ट स्पर्धेहून येऊन तिथे जिंकते यातच सगळं आलं, आणि माझी पोस्ट उगाच लांबलीय. हे सगळं ठीक. पण मधे एक वाक्य आहे, ते जसंच्या तसं देते: “ताई, राग मानू नका, पण हिरवी क्ले म्हणजे हार्ड कोर्टावर भुरभुरलेली पूड, आणि त्यावर जिंकणाऱ्यांना क्ले-कोर्ट चॅम्पियन म्हणणं हा ज्यांनी मातीवर कधी पाय ठेवला नाही त्यांचा अडाणीपणा आहे.”

राग मानू नका म्हटलं की पुढे वाटेल ते लिहायची मुभा मिळते असा काहींचा समज दिसतो. मला राग आलाय आणि तो मी लपवत नाही. तुम्हाला माझं मत पटलं नाही तर तसं लिहा, मुद्दा खोडा, आकडे द्या, मी वाचेन आणि उत्तरही देईन. पण ‘अडाणीपणा’ हा मुद्दा नव्हे, ती शिवी आहे, आणि तिच्या आधी ‘ताई’ लावलं म्हणून तिची धार कमी होत नाही. हा ब्लॉग वाचणाऱ्यांत अशा आया आहेत ज्यांच्या मुली आत्ता कुठे रॅकेट धरायला लागल्यात, त्या खाली प्रश्न विचारतात, अगदी साधे प्रश्न, आणि तुमची ही भाषा वाचल्यावर त्यातली एखादी पुढच्या वेळी विचारणारच नाही. याचं मला जास्त वाईट वाटतं.

आता मातीवर पाय ठेवण्याबद्दल. माझा मामा सांगली जिल्ह्यातल्या एका क्लबात मार्कर होता. मार्कर म्हणजे काय हे तुम्हाला माहीत असेल अशी आशा आहे, मेंबर लोकांना जोडीदार नसला की त्यांच्याशी खेळायचं, त्यांच्या पोरांना शिकवायचं, आणि कोर्टाची सगळी निगा राखायची. कोर्ट लाल मुरमाचं. मुरूम चाळून घ्यायचा, त्यात विटांचा भुगा मिसळायचा, वरून शेणाचा सडा, मग रोलर. पहाटे पाणी मारायचं, आणि पाणी किती मारायचं हे मामा टाच रोवून बघायचा, टाच रुतली तर जास्त झालं, धूळ उडाली तर कमी. त्याच्या मागे मागे फक्कीचा डबा घेऊन मी असायचे. सुतळी ताणून लाइनी मारायच्या, आणि बॉल लाइनीवर पडला की पांढरा धुरळा उडायचा, त्यावरून आत की बाहेर ते ठरायचं. मेंबरांची मुलं गेल्यावर अंधार पडेपर्यंतचा जो काय वेळ उरायचा त्यात मी खेळायला शिकले, अनवाणी, कारण क्लबाचा नियम होता की टेनिसचे बूट नसतील तर कोर्टात बूट घालून यायचं नाही. तेव्हा मातीवर पाय ठेवणं म्हणजे काय हे मला कुणी शिकवू नये. मी अक्षरशः पायच ठेवलाय.

आणि आता मी बरीच वर्षं शार्लटला राहते, नॉर्थ कॅरोलिनात, इथून चार्ल्स्टन गाडीने तीन-साडेतीन तास. इथल्या क्लबांत जिकडे तिकडे हीच हिरवी क्ले. हार-ट्रू म्हणतात तिला. लीगच्या मॅचेस मी तिच्यावरच खेळते. खेळून झाल्यावर बुटाच्या तळाच्या खाचांत ती राखाडी-हिरवी भुकटी अशी घट्ट बसते की रॅकेटच्या कडेने ठोकून काढावी लागते, मोजे कितीही धुतले तरी तो रंग जात नाही. तळाला असं बसणारं हार्ड कोर्ट कुठे असेल तर मला दाखवा.

‘हार्ड कोर्टावर भुरभुरलेली पूड’ हे तर साफच चूक आहे. हार-ट्रू म्हणजे दळलेला दगड. व्हर्जिनियाच्या ब्लू रिज डोंगरातला मेटाबेसाल्ट नावाचा हिरवट दगड असतो, तो बारीक करून त्यात जिप्सम मिसळतात म्हणजे ओल धरून घट्ट बसतो. आणि हा थर साधारण इंचभर जाड असतो, खाली खडीचा थर, पाणी झिरपून जायला. डांबर नाही, काँक्रीट नाही. आता तुमची पॅरिसची लाल माती घ्या. रोलाँ गॅरोसला, म्हणजे फ्रेंच ओपनच्या कोर्टांवर, वर दिसते ती विटांची पूड असते, आणि ती किती असते? एक ते दोन मिलिमीटर. खाली सगळी चुनखडी, रोलरने दाबून टणक केलेली. लाल रंग तेवढा वरचा. म्हणजे कडक थरावर भुरभुरलेली पूड हे वर्णन लागू करायचंच असेल तर ते चार्ल्स्टनपेक्षा पॅरिसला जास्त लागू पडतं. मी ते करणार नाही, कारण पॅरिसची माती ही मातीच आहे, बॉल तिथे कसा उसळतो आणि पाय कसे घसरतात यावरून ते ठरतं, थर किती जाड यावरून नाही. पण मग हाच न्याय हिरवीला का नाही?

एक गोष्ट मान्य करते, म्हणजे एकतर्फी लिहिलं असं व्हायला नको. हिरवी माती लालपेक्षा थोडी फास्ट असते. दगडाचे कण कोनदार असतात, ते एकमेकांत अडकतात, त्यामुळे पृष्ठभाग जास्त घट्ट आणि बॉल जरा खाली राहून पुढे सरकतो. घसरत जाऊन शॉट मारायचा तर लालवर पाय जेवढा लांब जातो तेवढा इथे जात नाही. हे खरं आहे आणि मी ते कधी नाकारलेलं नाही. पण जरा फास्ट क्ले ही क्लेच असते. युरोपातल्या क्लेवरच्याच स्पर्धा घ्या, माद्रिदला उंचीमुळे बॉल हवेतून वेगाने जातो, श्टुटगार्टला छताखाली खेळतात, वारा नाही, ऊन नाही, मग त्या पण क्ले नव्हेत का?

ख्रिस एव्हर्टचं नाव तर तुम्ही ऐकलं असेल. फ्लोरिडात फोर्ट लॉडरडेलच्या पब्लिक कोर्टांवर, वडिलांच्या हाताखाली, हिरव्या क्लेवर शिकली. पॅरिस सात वेळा जिंकली, बायकांमध्ये तेवढं अजून कुणी जिंकलेलं नाही. १९७३ ते १९७९ ती क्लेवर सलग १२५ मॅच जिंकली, आणि यात १९७५, ७६, ७७ या तिन्ही वर्षांचं यूएस ओपन आहे, कारण ती तीन वर्षं न्यूयॉर्कच्या फॉरेस्ट हिल्सला यूएस ओपन हार-ट्रूवरच झालं. हीच चार्ल्स्टनची स्पर्धा, तेव्हा हिल्टन हेडला व्हायची, २००१ ला चार्ल्स्टनला आली, ती पण तिने आठ वेळा जिंकली. तुमच्या हिशोबाने १२५ मधून या सगळ्या मॅचेस वजा करायच्या का? जगाने तर अजून केल्या नाहीत. आणि त्याच फॉरेस्ट हिल्सला पुरुषांत १९७५ ला स्पेनच्या ओरांतेसने आणि १९७७ ला अर्जेंटिनाच्या विलासने, दोघेही लाल मातीत वाढलेले, फायनलला फास्ट कोर्टांवर भारी पडणाऱ्या जिमी कॉनर्सला हरवलं. हार्ड कोर्टावर पूड भुरभुरलेली असती तर कॉनर्सने त्यांना उभं राहू दिलं असतं का?

बरं, एव्हर्ट जुनी झाली म्हणाल. एकाच वर्षात ही स्पर्धा आणि पॅरिस दोन्ही जिंकणाऱ्या बघा. नवरातिलोवा १९८२, ग्राफ १९८७ आणि १९९३, मेरी पिअर्स २०००, कॅप्रियाती २००१, हेनिन २००३ आणि २००५, सेरेना २०१३. त्यातलं हेनिनचं २००३ मला फार महत्त्वाचं वाटतं. त्या वर्षी तोवर एकही मॅच न हरलेली सेरेना चार्ल्स्टनच्या फायनलला आली आणि हेनिनने तिला सरळ दोन सेटमध्ये ६-३, ६-४ असं काढलं. दोन महिन्यांनी पॅरिसला सेमीफायनलला परत ह्याच दोघी, परत हेनिन. तो बॅकहँड, ते कोर्टाच्या कोपऱ्यात जाऊन घसरत परत मधे येणं, हिरव्यावर जे चाललं तेच लालवर चाललं. आणि सेरेनाचं २०१३ तर असं की क्लेवर २८ मॅचेस खेळली आणि २८ च्या २८ जिंकली, आणि त्याची सुरुवात चार्ल्स्टनला झाली, तिथे फायनलला यांकोविचकडून पहिला सेट ३-६ गेला होता, मग ६-०, ६-२. ज्यांनी ती मॅच बघितली त्यांना ती बाई पुढे काय करणार ते दिसत होतं.

गेल्या दहा-बारा वर्षांत असं डबल झालं नाही हे बरोबर. मग? २०१७ ला चार्ल्स्टनची फायनल हरलेली ओस्टापेन्को त्याच वर्षी पॅरिस जिंकली, ते तुम्ही सोयीस्कर सोडून दिलंत. कॉलिन्सबद्दल एवढंच सांगते की २०२४ च्या फायनलला तिच्यासमोर कोण होती ते बघा. कसात्किना. २०१७ ची इथली विजेती, २०२२ ला पॅरिसची सेमीफायनलिस्ट, जिचा सगळा खेळ स्पिन, ड्रॉप शॉट आणि संयमावर चालतो. तीसुद्धा याच कोर्टावर फायनलपर्यंत आली ना? कॉलिन्स त्या आठवड्यात अशी खेळत होती की तिला कुठेही उभी केली असती तरी ती जिंकली असती.

टॉप टेनमधल्या बऱ्याचजणी येत नाहीत. येत नाहीत, मान्य. मायामी संपल्या संपल्या लगेच हा आठवडा लागतो आणि पुढे सगळ्यांना युरोप गाठायचं असतं. ज्या येतात त्यांचा खेळ बघा. पोस्ट लांबली म्हणता, तर लांबलेली पोस्ट पूर्ण वाचून त्यावर एवढी मोठी प्रतिक्रिया तुम्हीच दिलीत.

मूळ पोस्टमध्ये जे सांगायचं होतं ते तुमच्या प्रतिक्रियेत कुठेच आलं नाही, म्हणून परत सांगते. ही फक्त बायकांची स्पर्धा आहे. पुरुषांच्या स्पर्धेला जोडून, त्यांच्या मॅचेसमधल्या वेळात बसवलेली नाही. १९७३ ला सुरू झाली तेव्हा बक्षिसाची रक्कम एक लाख डॉलर होती, बायकांच्या स्पर्धेसाठी तेव्हा ही फार मोठी रक्कम होती, आणि नॅन्सी रिचीला हरवून ती रोझी कसाल्सने जिंकली. आता २०२६ पासून त्यांनी बक्षीस पुरुषांच्या त्याच दर्जाच्या स्पर्धांच्या बरोबरीला आणायचं जाहीर केलं. तिथल्या एका कोर्टाला अल्थिया गिब्सनचं नाव आहे. ती ह्याच साउथ कॅरोलिनात, सिल्व्हर नावाच्या गावात, शेतमजुरी करणाऱ्या घरात जन्मली आणि १९५६ ला पॅरिसला जिंकून ग्रँड स्लॅम मिळवणारी पहिली कृष्णवर्णीय खेळाडू झाली. लाल मातीवर, तुमच्या खऱ्या मातीवर.

आणि एप्रिल २०१५. सानिया मिर्झा आणि मार्टिना हिंगिस, चार्ल्स्टनची डबल्स फायनल, ६-०, ६-४. ती मॅच संपली तेव्हा सानिया डबल्समध्ये जगात एक नंबर झाली, कुठलीही भारतीय बाई त्याआधी तिथवर पोचली नव्हती. हैदराबादला शेणाच्या कोर्टांवर खेळायला सुरुवात केली असं तिने स्वतः सांगितलंय. ते ऐकलं की मला मामाचा तो सडा डोळ्यांसमोर दिसतो, आणि म्हणूनच ‘तिथे जिंकून काय’ असं कुणी लिहिलं की मला गप्प बसवत नाही. तिचा तो एक नंबर हिरव्या मातीवर आला म्हणून तुम्ही तो कमी धरणार का, याचं उत्तर मला खरंच हवंय.

तुमची प्रतिक्रिया मी काढणार नाही, तिथेच राहू दे, लोकांना दोन्ही बाजू वाचता येतील. पुढची पोस्ट श्टुटगार्टवर येतेय, लाल माती आहे, तेव्हा तुमच्याकडे बोलायला भरपूर असेल. जरूर लिहा. फक्त ‘अडाणी’ किंवा तसलाच शब्द कुणालाही, मला किंवा दुसऱ्या वाचकाला, वापरलेला दिसला तर ती प्रतिक्रिया मी मंजूर करणार नाही, मग त्यात मुद्दा कितीही बरोबर असो.